आत्या डेलिकेट होती

माझ्या धाकट्या आत्याला लहानपणी मोठा ताप आला होता. तेव्हा ती सात वर्षांची होती. डॉक्टर रोज दवाखाना बंद केल्यावर जिने चढून यायचे, तिच्या कपाळाला हात लावायचे, जीभ बघायचे आणि न बोलता निघून जायचे. ताप उतरला त्या दिवशी मात्र बॅग बंद करता करता ते आजीला म्हणाले, "मुलगी डेलिकेट आहे हो. जपा जरा."

आजीला इंग्रजी येत नव्हतं. आजोबांना ऑफिसपुरतं येत होतं. त्यांनी जेवताना सगळ्यांना अर्थ सांगितला. "डेलिकेट म्हणजे नाजूक. चिनी मातीचा कप असतो ना, तसं."

झालं. तेव्हापासून आत्याला तळहातावरच्या फोडासारखं जपायला सुरुवात झाली. पाणी खालच्या नळावरून वर आणावं लागायचं, ते थोरली आत्या आणायची. कोळशाची पोती माझे वडील ओढायचे. जिना पुसायची पाळी आली की आजी स्वतः फडकं घ्यायची, पण धाकटीला हात लावू द्यायची नाही. तिनं खिडकीशी बसायचं, वाटाणे सोलायचे, सुईत दोरा ओवायचा. थोरलीचा जळफळाट व्हायचा. बादल्या उचलून तिच्या तळहाताला घट्टे पडले होते. "महाराणीला ताप आला आणि आम्हाला घाम," असं ती म्हणायची. माझे वडील आत्याला 'काचसामान' म्हणून चिडवायचे. ती दारातून आत आली की ओरडायचे, "सरका, सरका, काचसामान आलं!" आत्याही हसायची. पोरवयात कुणाला कळतं?

इथं कुणी ध चा मा केला नाही. शब्द तोच राहिला, फक्त ज्यानं त्यानं आपल्या सोयीनं त्याला अर्थ लावला. आत्या आठवीत गेली आणि हुशार निघाली, तेव्हा शाळेतल्या बाई मुद्दाम घरी आल्या. म्हणाल्या, हिला पुढं शिकवा. आजोबांनी मान हलवली. "अहो, ती डेलिकेट आहे. डोक्यावर ताण आला तर?" म्हणजे जे दुखणं इतके दिवस अंगात होतं, ते आता डोक्यात गेलं. आजीच्या बहिणीनं एकदा निरखून बघत सांगितलं, हिला काही बाळंतपण झेपायचं नाही, कंबर बघा कशी डेलिकेट आहे. दुखणं तिथून खाली कंबरेत आलं. खरं दुखणं कुठंच नव्हतं. सातव्या वर्षानंतर आत्या साध्या सर्दीनंसुद्धा कधी झोपली नाही.

तिच्या आयुष्यात एक माणूस आला होता. कोपऱ्यावरच्या दुकानात चष्मे करायचा. आजोबांचा चष्मा दुरुस्त करून द्यायला पहिल्यांदा वर आला. मग स्क्रू ढिला झाला म्हणून आला. मग पुन्हा ढिला झाला म्हणून. चष्म्याचा स्क्रू इतक्या वेळा ढिला होणारा माणूस आमच्या गल्लीत दुसरा नसेल. आजोबा बिचारे दुकानाच्या मालाला शिव्या घालत बसायचे. आत्यानं मला खूप पुढं सांगितलं, की तो स्क्रू ती सुईच्या टोकानं सैल करायची.

एक दिवस चष्मेवाला स्वच्छ शर्ट घालून, दुरुस्तीचं काहीही हातात न घेता आला. बाहेरच्या खोलीत आजोबांसमोर बसला आणि त्यानं सरळ विचारलं. आत्या स्वयंपाकघरात कप विसळत होती. तिला नुसते आवाज ऐकू येत होते, शब्द कळत नव्हते. आजोबांचा आवाज एकदम खाली गेला. घरातलं आजारपण बाहेर काढायला त्यांना आवडायचं नाही. खुर्ची सरकल्याचा आवाज झाला, दार लागलं. ती चहा घेऊन बाहेर आली तर खोलीत आजोबा एकटेच.

"गेला. भला माणूस आहे, लगेच समजला," ते म्हणाले.

पुढच्या वेळी चष्मा घेऊन दुकानातला दुसराच कुणी आला. वर्षभरात चष्मेवाल्याचं लग्न झालं. आत्यानं स्क्रू सैल करायचं सोडून दिलं.

थोरली लग्न करून दुसऱ्या गावी गेली. माझे वडील शिकले, नोकरीला लागले, लग्न करून शहराच्या दुसऱ्या टोकाला राहायला गेले. आजोबा वारले. मग आजी जिन्यात पडली आणि कंबरेचं हाड मोडलं. ते नीट जुळलंच नाही. ती अंथरुणाला खिळली ती कायमचीच.

आजी अंगानं भरलेली बाई. तिला कुशीवर वळवायचं, खाली भांडं सरकवायचं, पाठ पुसायची, चादर बदलायची, उठवून बसवायचं. घरात दुसरं होतं कोण? आत्या एक गुडघा खाटेवर टेकवायची, आजीच्या काखेत हात घालायची, श्वास रोखायची आणि उचलायची. खालच्या नळावरून पाणीही आता तीच आणायची. वडील रविवारी फळं घेऊन यायचे, मलाही बरोबर न्यायचे. आत्या उचलायला वाकली की ते खुर्चीतून म्हणायचे, "जपून हं. तुला सोसत नाही." आणि संत्रं सोलायला लागायचे.

याच काळात आत्याला सुई दिसेनाशी झाली. शेजारणीला आजीजवळ बसवून ती कोपऱ्यावरच्या दुकानात गेली. दुकान आता चष्मेवाल्याच्या मालकीचं झालं होतं. केस पिकलेले, पोट सुटलेलं. त्यानं ओळखलं, अदबीनं बसवलं, नंबर तपासला, फ्रेमा काढल्या. दुकानातलं दुसरं गिऱ्हाईक गेल्यावर जरा घुटमळला.

"एक विचारू का? राग मानू नका."

"विचारा ना."

"तेव्हाचं ते... सगळं नीट पार पडलं ना? मूल कुठं असतं आता?"

"कुणाचं मूल?"

चष्मेवाल्यानं स्वतःचा चष्मा काढून हातात घेतला. "तुमचे वडील म्हणाले होते, तिची अवस्था डेलिकेट आहे. आम्ही बाहेर बोलत नाही, तुम्ही भले आहात म्हणून सांगतो. आमच्या घरी बाईला दिवस गेले की तसंच म्हणायचे. मला वाटलं..."

"मला ताप आला होता," ती म्हणाली.

"ताप?"

"लहान असताना. ताप आला होता मला."

चष्मेवाल्याचा चेहरा पडला. तो म्हणाला, "पण मी कुठं बोललो नाही हो. आजवर एका माणसापाशी बोललो नाही." जणू त्याबद्दल तिनं आभार मानायला हवे होते. मग त्यानं फ्रेम तिच्या डोळ्यांवर बसवली. "कानामागं टोचत नाही ना?"

"नाही."

शहाण्याला शब्दाचा मार, असं म्हणतात. आत्या शहाणी होती, म्हणूनच तिला तो इतका वर्मी लागला. ती घरी गेली नाही. तशीच डॉक्टरांचा पत्ता विचारत गेली. ते केव्हाच निवृत्त झाले होते, मुलाकडं राहत होते. अंगणात खुर्ची टाकून पायावर ऊन घेत बसले होते. आत्यानं ओळख सांगितली. त्यांना आठवेना. मजला सांगितला, ताप सांगितला, आजोबांचं ऑफिस सांगितलं.

"हां, हां, त्या जिन्यांनी माझे गुडघे घालवले," डॉक्टर म्हणाले.

"तुम्ही आईला सांगितलं होतं, मी डेलिकेट आहे."

"म्हटलं असेन. सगळ्या मुलींच्या आयांना म्हणायचो मी तेव्हा." ते स्वतःवरच खूश होऊन हसले. "अगं, नाही तर काय! ताप उतरला की दुसऱ्या दिवशी पोरीला बादली धरायला लावायचे लोक. इंग्रजी शब्द टाकला की महिनाभर तरी विश्रांती मिळायची. मुलग्यांच्या बाबतीत काही सांगावं लागत नसे."

"महिनाभर?"

"फार तर दोन. का, नाही मिळाली?"

"मिळाली," आत्या म्हणाली.

ती घरी आली तेव्हा आजी ओल्या चादरीवर पडून होती. शेजारीण कंटाळून निघून गेली होती. आत्यानं आधी चादर बदलली, आजीला पुसलं, कोरडे कपडे घातले. मग खाटेच्या कडेला बसून सगळं सांगितलं, चष्मेवाल्याचंही आणि डॉक्टरांचंही. तिला वाटत होतं, आई रडेल, निदान डोक्यावर हात तरी फिरवेल.

आजी छताकडं बघत म्हणाली, "मला ठाऊक होतं."

"काय ठाऊक होतं?"

"तू धडधाकट आहेस ते. वर्षाच्या आतच कळलं होतं. आईला कळत नाही होय?"

"मग?"

"मग काय? थोरली आज ना उद्या जाणार, पोरगा शिकायला जाणार. म्हातारपणी घरात कुणीतरी हवं की नको? आणि तुला काय कमी केलं आम्ही? उन्हात फिरवलं नाही, सासूचं ऐकायला लावलं नाही. थोरलीला विचार, काय काय सोसलं तिनं." मग आजी म्हणाली, "माझी उशी जरा वर घे."

आत्यानं उशी वर घेतली. पुढं आजी चार वर्षं जगली. त्या चार वर्षांत आत्यानं तिचं एकही काम चुकवलं नाही, पाठीला एक जखम होऊ दिली नाही, आणि कामाशिवाय एक शब्द बोलली नाही. आजी शेवटी शेवटी काकुळतीला आली होती. आम्ही गेलो की माझा हात धरून म्हणायची, "तिला सांग ना, माझ्याशी बोल म्हणावं." मी आत्याला सांगितलं. ती म्हणाली, "काय हवंय विचार. पाणी हवं असेल तर देते."

आजी गेल्यावर वडिलांनी घर विकायला काढलं. थोरली आत्या सही करायला आली आणि त्याच दिवशी परत गेली. वडील धाकटीला म्हणाले, "तू आमच्याकडंच चल. एकटी कशी राहशील? पहिल्यापासून डेलिकेट तू." आमच्याकडं तेव्हा माझ्या आईची आई आलेली होती. तिला दिसत नव्हतं आणि तिला उठवायला-बसवायला माणूस लागत होतं. आत्यानं वडिलांच्या तोंडाकडं पाहिलं आणि ती म्हणाली, "माझा वाटा तेवढा वेगळा दे."

टायरच्या दुकानावर तिनं एक खोली घेतली आणि इस्पितळाच्या धुलाईखात्यात नोकरी धरली. तिथल्या सुपरवायझर बाईंनी पिकलेल्या केसांकडं बघून शंका काढली, तर आत्यानं भिजलेल्या चादरींचा ढीग दोन्ही हातांनी उचलून मशीनमध्ये टाकला. बाईंनी दुसऱ्या दिवसापासून यायला सांगितलं. एकदा मी तिला डबा द्यायला तिथं गेले होते. वाफेनं समोरचं दिसत नव्हतं, आणि मशीनच्या आवाजात आत्या दुसऱ्या एका बाईशी कशावरून तरी कचाकचा भांडत होती. मी तिला भांडताना पहिल्यांदाच पाहत होते. मशीनवर कपड्यांच्या जातीप्रमाणे बटणं होती आणि एका बटणाखाली तोच शब्द छापलेला होता, रेशमासाठी, लोकरीसाठी. इस्पितळात रेशीम कोण पाठवणार? ते बटण नव्यासारखं कोरं होतं. मी आत्याला दाखवलं, तर म्हणाली, "बिघडलंय ते," आणि दुसरा ढीग ओढला.

मग वडिलांना अर्धांगवायूचा झटका आला. उजवी बाजू गेली, बोलणं जड झालं. त्यांनी आत्याचा ध्यास घेतला. मी तिला घेऊन आले. ती खुर्ची ओढून खाटेपासून जरा लांब बसली.

वडील रडायला लागले. एकेक शब्द गोळा करत म्हणाले, "इथंच राहा. हिला एकटीला मी उचलला जात नाही."

"कळतं मला," आत्या म्हणाली. "मलाही आई उचलली जात नव्हती. सुरुवातीला."

माझी आई स्वयंपाकघरातून ऐकू जाईल अशा बेतानं बोलली, "सख्खा भाऊ आहे. काळीज आहे की दगड?"

आत्यानं समोरचं बिस्किट खाऊन संपवलं, हात झटकले आणि उठली. मी जिन्यापर्यंत गेले. "आत्या, तुझा राग काही गेला नाही."

"कुठं जाणार तो? त्याला दुसरं घर आहे का?"

ती महिन्यातून एकदा येत राहिली. यायची, तासभर बसायची, बिस्किट खायची. वडिलांची चादर चुरगळलेली असली तरी तिचा हात पुढं झाला नाही. वडील गेले त्या दिवशी ती भिंतीशी उभी राहिली आणि माणसं पांगायच्या आत निघाली. दुसऱ्या पाळीला एक बाई कमी होती म्हणे. आई त्यानंतर तिचं नाव काढत नाही.

मी अधूनमधून जाते. आता तीही निवृत्त झाली आहे. चादरी पिळून तिचा उजवा खांदा कामातून गेला आहे, हात डोक्याच्या वर जात नाही. ती चहा करते, धुलाईखात्यातल्या बायकांच्या कुटाळक्या सांगते, मोकळी हसतेसुद्धा. घरचा विषय मी काढत नाही. एकदाच म्हटलं होतं, "आजीनं तुला जीव लावला होता, हे तरी खरं ना?" माझा चहा अजून अर्धा होता. आत्यानं कप उचलला आणि धुवायला नेला.