पट्टेरी मण्यार आणि कोरी साडी

“कोणं पाह्यलं?” हा त्यांचा पहिला प्रश्न असे. आमच्या अमरावतीच्या दैनिकात सापाविषयी काही चुकीचं छापून आलं, की प्राणिशास्त्राचे हे निवृत्त प्राध्यापक दुपारपर्यंत वार्ता विभागात हजर होत. घडी केलेला अंक टेबलावर ठेवत, बातमीवर बोट टेकवत आणि विचारत. ‘नागिणीने डूख धरला’ असं लिहिणाऱ्या वार्ताहराला ते म्हणाले होते, “नागीन तुमाले सांगून गेली काय?”

शकुन, मुहूर्त हे शब्द त्यांच्यासमोर काढायची सोय नव्हती. राजापेठेत राहत. मुलीचं लग्न त्रिशरण-पंचशील घेऊन रविवारी लावलं; कारण विचारलं तर म्हणाले, “लोकायले सुट्टी रायते.”

पट्टेरी मण्यार हा त्यांचा आवडता विषय. काळे-पिवळे पट्टे, पाठीवर उभी कड, बोथट शेपूट. सातपुड्याच्या पायथ्याच्या जंगलात, नाल्याकाठी आढळतो. जहाल विषारी. दिवसा छेडलं तर बहुधा वेटोळ्यात डोकं लपवून बसतो, म्हणून लोक त्याला गरीब समजतात. खातो मुख्यतः दुसरे साप.

एका ढगाळ सकाळी सापांवरच्या लेखासाठी त्यांना घेऊन मी मोर्शीकडे निघालो होतो. संत्र्याच्या बागेजवळ, नाल्याकाठी गर्दी दिसली. मधे जमिनीवर कोरी मोरपंखी साडी पसरलेली आणि तिच्याखाली हालचाल. तुम्हीही हे कुठे पाहिलं असेल. साप जुळले की त्यांचं लग्न लागलं म्हणायचं, वर कोरं कापड टाकायचं, साप गेले की ते घरात जपून ठेवायचं. बरकत येते असं मानतात. ही साडी बागेच्या मालकीणबाईंनी लेकीच्या लग्नासाठी आणली होती.

“आता हलून नाई राहिले. उचलतो मी,” असं म्हणत बाई वाकल्या.

साडीच्या काठाबाहेर दोन शेपट्या दिसत होत्या, एक पट्टेरी बोथट, एक निमुळती. सरही वाकले. “हात मांगं घ्या बाई! हे लगन नाई.”

“मास्तर, तुमाले काय समजते?” गर्दीतून कोणी तरी म्हणालं.

“पोराचं लगन जमवता तवा जात पाहता ना? मंग इथं दोन जाती दिसल्या नाई? एक मण्यार, एक पान्यातला दिवड. मण्यार दिवडाले गिळून राह्यला.”

लोक हसले. बाई हसल्या नाहीत. “माह्या लेकीची साडी हाय. ज्यानं टाकली त्यानंच उचला लागते.”

एकाने काठी आणली. सर साडीपुढे, चार हात अंतरावर, चिखलात मांडी घालून बसले. “काठी मारसान तर तो गिळलेलं टाकून देईन, अन् मोकळ्या तोंडानं तुमच्यात घुसन. बसा सारे.”

बसावं लागलं. शेजारच्या घरून चहा आला. सरांनी वळून पाहिलं नाही. कुणी पुढे सरकलं की त्यांचा हात आडवा होई. बाई दोनदा उठल्या, दोनदा त्यांनी खाली बसवलं. मागे शिव्याही ऐकू येत होत्या.

अखेर मण्यार बाहेर आला. एकटाच, मधे फुगलेला. सावकाश नाल्याच्या गवतात शिरला. सरांनी काठीने साडी उचलली, दोन्ही बाजूंनी पाहिली आणि बाईंपुढे धरली.

बाईंनी ती घेतली नाही. “दुसरा कुठं हाय?”

सरांनी स्वतःच्या पोटावर हात ठेवला.

“म्हंजे साडीखाली जीव गेला.” बाई मागे सरकल्या. “अपशकुन झाला, सर. आता हे पोरीले कशी नेसवू?”

हात वाचला होता. साडी गेली होती. आता सर बाईंना उभं-आडवं घेणार, असं मला वाटलं. त्यांनी चिखल झटकला, काठाला काठ लावून साडीची घडी घातली.

“अपशकुन कायचा? लगनाघरचा पाहुना पोटभर जेवून गेला, बाई. याच्याहून मोठा शकुन नसते.”

“खरं?”

“मी प्रोफेसर हाओ.”

बाईंनी साडी दोन्ही हातांनी घेतली आणि कपाळाला लावली.

आम्ही गाडीत बसलो. मग मी विचारलं, “सर, शकुन?”

ते खिडकीतून संत्र्याच्या झाडांकडे पाहत होते. “हे छापू नका,” म्हणाले.

ते होते तोवर छापलं नाही.