दिवा वाढवा

लान्स नायक सेतुराम राव यांच्यावर अन्याय झाला. दोन वर्षांपूर्वीच्या कार्तिकात, मंगळवारी, संध्याकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी, कुंभकोणम्‌च्या मेलकावेरी भागात, कावेरीच्या बांधावर. चौकशीचा अहवाल म्हणतो, त्यानं संदेश चुकीचा दिला. साफ खोटं. मी त्याच्या शेजारी होतो.

त्याच सेक्शनमध्ये मी सॅपर, लष्कराच्या इंजिनिअर दलातला जवान. चार वर्षं नोकरी केली, आता बाहेर आहे, म्हणून बोलू शकतो.

आमची कंपनी पूरड्यूटीवर आली होती. सेतु आणि मी दोघंही इथलेच, तंजावरी मराठी घरांतले. काम ठरलेलं. दिवसभर वाळूची पोती टाकायची आणि दिवेलागणीआधी बांध मोकळा करायचा. त्यानंतर बांध सांधण्यांचा.

सांधणी हा किडा. तांदळाच्या दाण्याएवढा, मधाच्या रंगाचा. दिवसा मातीत खोल. पाणी चढलं आणि उजेड गेला की लाखोंनी वर येतात, एकमेकींच्या पायांत पाय अडकवतात आणि तोंडातून डिंक सोडून भेगेवर पापुद्रा विणतात. उजेडात मात्र सगळं सोडून दिव्याकडे उडतात. लोकांना वाटतं डेल्टा मातीच्या बांधांवर उभा आहे. माती नुसती दिसायला. बांध धरतात त्या सांधण्या.

सुभेदार जगदाळे साताऱ्याकडचे, आठवड्यापूर्वी आलेले. माणूस चांगला. सेतुला चिडवायचे, “तुझं मराठी ऐकलं की वाटतं, आत्ताच कुणी सरदार घोड्यावरून उतरला.”

सेतु म्हणायचा, “उतरला खरा साहेब. परतीची वाट कुणी सांगितली नाही, म्हणून राहिला.”

त्या दिवशी नवा सर्चलाइट आला. बांधावर त्याचा टॉवर; जनरेटर आणि जगदाळे साहेबांची कमांड पोस्ट मागच्या शाळेत. पाचनंतर बांधाला भेग पडली. मागच्या गल्लीतली घरं अजून रिकामी झाली नव्हती. आम्ही पोती टाकत राहिलो. पोती वाहून जात राहिली.

मग अंधारू लागलं आणि त्या आल्या. सुपात तांदूळ घोळावेत तसा आवाज. भेगेच्या दोन्ही काठांवरून मधाच्या रंगाची साय पुढे सरकली, मधोमध जुळली, आणि कावेरी थांबली. पोती टाकायचं कुणाला सुचेना. हवालदारानं टोपी काढली. लहानपणापासून मी त्यांच्याबद्दल ऐकत आलो होतो. इतक्या जवळून पहिल्यांदाच पाहत होतो.

तेवढ्यात सर्चलाइट लागला. बांधावर माणसं आहेत, त्यांना दिसावं म्हणून.

सेतुनं वायरलेस सेट उचलला. “साहेब, दिवा वाढवा. ओव्हर.”

“वाढवतो. ओव्हर.”

उजेड दुप्पट झाला. साय मधोमध फाटली.

“वाढवा म्हणतो ना! लवकर वाढवा!”

“फुल केलाय! अजून किती?”

आमच्या घरांत दिवा विझवत नाहीत. विझणं अशुभ, म्हणून विझवायचा असला की ‘वाढवा’ म्हणतात. सेतु घाईत घरचं बोलला, मराठी साहेबाशी मराठीत. साहेबांनी ऐकलं तसं केलं. मी सेट घ्यायला हात पुढे केला, तोवर पाण्याच्या लोटानं सेट नेला. सेतु टॉवरकडे धावला. केबल दोन्ही हातांनी ओढून तोडली. अंधार झाला. त्याच्या पायाखालचा बांध गेला आणि सेतु भेगेत गेला.

आम्ही दोर टाकले. दोर रिकामे आले.

सुपाचा आवाज पुन्हा सुरू झाला. दिव्याकडे गेलेल्या परत आल्या होत्या. भेगेत जे असेल ते धरून त्या विणतात. पाणी थांबलं. मागच्या गल्लीतलं एकही माणूस गेलं नाही.

सकाळी पापुद्र्याच्या आत सेतु दिसला. एक बूट, आणि उघडा तळवा. त्याला काढायचं तर बांध कापावा लागणार होता, आणि नदी अजून उतरली नव्हती. सेतुची आई आली. म्हणाली, “कापू नका.” आम्ही तिथंच सलामी दिली.

जगदाळे साहेबांनी मला बाजूला घेतलं. “वाढवा म्हणजे वाढवाच ना रे?”

“साहेब, नारळ वाढवता, तेव्हा तो मोठा करता का?”

ते खाली बसले. चौकशीत त्यांनी हे जसंच्या तसं सांगितलं. वरच्यांनी लिहिलं नाही. मेलेल्याची चूक दाखवणं सोपं असतं.

आणि आता ऐका. त्याच जागी संध्याकाळी फिरायला येणाऱ्यांसाठी फ्लडलाइट बसवलाय. तिथं सांधण्या वर येत नाहीत. पापुद्रा वाळतोय, कडा सुटताहेत. अर्ज झाले, पत्रकं वाटली. उत्तर मिळालं, शहराची शोभा आहे.

तुम्ही कुंभकोणम्‌मध्ये राहता ना? मग आज मेलकावेरीच्या बांधावर जा. खांबावरचा खटका हात पोचेल इतक्या उंचीवर आहे. दिवेलागणीआधी तो बंद करा. उद्याही करा. कुणी हटकलं, कुणाच्या हुकमानं विचारलं, तर हुद्द्यासकट सांगा: लान्स नायक सेतुराम राव.