खर्रा आणि तिसरा हिस्सा
पानठेल्यावर पन्नीत खर्रा घोटायला लागले, की त्या तंबाखू-चुन्याच्या वासानं माझे तळहात अजून ओले होतात. शहापूरजवळ ट्रकनं नवऱ्याला उडवलं, ते जागीच गेले; त्या भरपाईच्या दाव्यात मी भंडाऱ्याच्या कोर्टात साक्षीला उभी होते. विमा कंपनीच्या वकिलांनी विचारलं, "तुमचे यजमान स्वतःवर काय खर्च करायचे?" मी कठडा घट्ट धरला. शपथ घेतली होती, म्हणून बोलून गेले, "खर्रा खात होते जी." मागच्या बाकावरून सासू पुटपुटली, "काहून सांगतलं वो!" वकील गालात हसले. आता खर्ऱ्याचा खर्च भरपाईतून कापतील, लेकराच्या तोंडचा घास आपणच घालवला, असं वाटलं. तेव्हा जजसाहेब म्हणाले, "घाबरू नका, बाई. माणसाचा स्वतःचा खर्च धरून कोर्ट कमाईतला तिसरा हिस्सा कापतंच. खर्रा खाल्ला काय अन् नाही काय." भीती उतरली ती पार घरी आल्यावर, खुंटीवर मागे राहिलेला त्यांचा एकच ठिगळाचा सदरा पाहून. जिवंतपणी त्या माणसानं स्वतःचा तिसरा हिस्सा कधी घेतलाच नव्हता.