काकूंच्या खव्यातला धूर

तुमची उजेडाची पद्धत काय, असं कुणी विचारलं की मी ऐटीत सांगतो, दिवे कमी, खिडकी जास्त. सगळं झूट. माझी पद्धत एकच, धूर. उन्हाच्या तिरिपेत धूर सोडला की ती खांबासारखी उभी राहते आणि बघणारा गप्प बसतो. शहरात त्याला मशीन असतं. भूमजवळच्या आमच्या गावात मी खव्यावर माहितीपट करायला गेलो, तेव्हा मशीन नेलं नव्हतं.

गावात माझ्या चुलतीची, काकूंची, खव्याची भट्टी आहे. त्यांच्या खव्याला कधी धुराचा वास नाही, म्हणून पेढेवाला सगळ्यांच्या आधी त्यांच्या दारात येतो. वाळल्या लाकडाशिवाय त्या जाळ घालत नाहीत. हे मला लहानपणापासून ठाऊक होतं. बाहेरचा कॅमेरामन असता तर एक वेळ माफ होतं.

त्या सकाळी पत्र्याच्या फटीतून झकास तिरीप आली. मी म्हणालो, "काकू, जरा ओलं लाकूड सारा की भट्टीत. पाचच मिनिटं."

"आरं बाबा, खवा धुरकटंल की."

"एक कढई जाऊ द्या. सगळं जग बघंल तुमाला."

"तू म्हनतूस तर सारते," म्हणाल्या आणि सारलं. पाच मिनिटांचा अर्धा तास झाला. काकू खोकत होत्या, डोळे पुसत होत्या, आणि मी शहाणा ओरडत होतो, "पुसू नका, पुसू नका, लई भारी दिसतंय!" तो खवा त्यांनी विकला नाही. मला एका शब्दानं बोलल्या नाहीत.

माहितीपट तयार झाल्यावर शाळेत गावाला दाखवला. टाळ्या पडल्या. मी छाती काढून सांगितलं, "मी काही घडवून आणत नाही. जसं आहे तसं टिपतो."

दुसऱ्या दिवशी सकाळी काकूंच्या ओसरीवर मी चुरमुऱ्यांचा सुसला खात बसलो होतो. पेढेवाला आला, पण त्यानं घमेलं खाली ठेवलं नाही.

"वैनी, काल पिच्चर बघितला. तुमी ओलं जळण घालता व्हय? आन् आमाला आजवर वाळलेलं सांगितलं?"

काकूंचा चेहरा पडला. मी एक वाक्य बोलायचं होतं, मीच घालायला लावलं म्हणून. बोललो असतो तर कालचं भाषण खोटं पडलं असतं. घास तोंडात तसाच धरून मी खाली बघत राहिलो.

"त्या दिवशी माजंच चुकलं," काकू म्हणाल्या. "लाकडं भिजली व्हती."

पेढेवाला खवा न घेताच शेजारच्या भट्टीकडं गेला. काकू आत गेल्या, बाहेर आल्या आणि माझ्या ताटलीत आणखी सुसला वाढला.

"खा," म्हणाल्या, "तिकडं तुला असलं कोन करून घालनार?"

मी खाल्ला.