चाळीस मुठींतला दगड

मेणकाकूने गिरणीची तळी, म्हणजे जात्याचा भला थोरला दगड, नुसत्या फुंकरीने उडवली, असं आमच्याकडे छातीठोकपणे सांगतात. सांगणाऱ्यांतले निम्मे तिथे नव्हतेच, आणि जे होते त्यांनी डोळे गच्च मिटले होते. काकूने फुंकर मारली हे खरं, पण ती चहावर, आणि तीही सगळं आटोपल्यावर.

काकूचं काम हलकमेणाचं. खाणीवरच्या कपारीतून हे राखाडी मेण पाझरतं, दिवसाला जेमतेम बोटभर. एका वडीचे दोन तुकडे करायचे. एक कोरड्या, भक्कम जागी चिकटवायचा, दुसरा जड वस्तूला चोळायचा. वस्तूचं वजन निमूट पहिल्या तुकड्याकडे राहायला जातं, आणि मेण गार झालं की घरी परत. बस्स, एवढंच. पण एवढ्याशावर काकूने तीस वर्षांत मनोऱ्यावर घंटा चढवली, तिसऱ्या मजल्यावर पियानो नेला, आणि सांधे धरलेल्या एका म्हातारीची दुलई अशी करून दिली, की ती म्हणायची, "सावली पांघरल्यासारखं वाटतं गं!" एका नवशिक्याने मात्र पहिला तुकडा भक्कम जागेऐवजी कपाटाला चिकटवला होता. कपाट थेट तळघरात गेलं, मधल्या दोन मजल्यांची विचारपूसही न करता.

काकूला शिकवणाऱ्या बाईंनी दोन गोष्टी बजावल्या होत्या. ओल्यावर मेण धरत नाही. आणि जिवंत अंगाला मेण लावायचं नाही. का, ते बाईंनाही ठाऊक नव्हतं.

त्या सकाळी नदीचा पूर नुकता ओसरला होता. गिरणी नदीतच, लाकडी खांबांवर उभी. वरची तळी निसटून गिरणीवाल्याच्या पायावर बसली होती. गिरणीवाला म्हणजे काकूचा धाकटा दीर. पहारी घालाव्यात तर फळ्यांची जमीन वाकत होती. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "तासाभरात दगड हलला नाही, तर पाय गेला."

"वहिनी, सावकाश या," दीर पडल्यापडल्या म्हणाला. "मला कुठे जायचंय!" त्याचे ओठ पांढरे पडले होते, आणि ते काही पिठाने नव्हे.

"गप्प पडा भावजी. जन्मात पहिल्यांदा एका जागी टिकलात."

बोलली खरी, पण नजर त्या पायावरून हटत नव्हती. आणि तीस वर्षांत जे झालं नाही ते झालं. पहिला तुकडा कुठे चिकटवण्याआधीच तिने दुसरा तळीवर चोळायला सुरुवात केली. चार बोटं जागा चोळली असेल नसेल, तोच तिचा डावा खांदा खाली ओढला गेला. पहिला तुकडा तिच्याच मुठीत होता.

काकू हबकली. मग हळूच वळून तिने खिडकीबाहेर पाहिलं. तळी तेवढी कोरडी; बाकी भिंती ओल्या, काठ चिखलाचा, होड्या भिजलेल्या. कोरडा खडक कोसभर लांब. पण काठावर सगळा गाव जमला होता, आणि प्रत्येकाला दोन-दोन कोरड्या, ऊबदार मुठी होत्या.

ती बाहेर आली आणि तुकड्याचे चण्याएवढे चाळीस गोळे केले. "प्रत्येकाने एक धरा. जड होईल. कुणी सोडला तर त्याचा वाटा बाकीच्यांवर पडेल. आणि पुढे काय होईल ते मला ठाऊक नाही, हे आधीच सांगते."

रांगेत मी होतो, आणि शेजारी शिंपी, रोज कण्हणारा. "अगं आई गं, माझी कंबर! सुईत दोरा ओवला तरी उसण भरते मला!"

मी काकूच्या कानात म्हटलं, "पहिली मूठ हाच सोडणार. पैज!"

"नाही सोडणार. हरलास तर महिनाभर त्याची नक्कल बंद." आणि माझ्या हातावर एक गोळा टेकवून ती आत गेली.

आधी मुठीत दप्तराएवढं वजन आलं. मग भरल्या बादलीएवढं. मग त्याहूनही जड काहीतरी. चाळीस माणसं एकदम घोट्यापर्यंत चिखलात उतरली. खिडकीतून तळी दिसत होती. ती जरा डुलली, वर आली, आणि दुधावरची साय सरकावी तशी काकूने दोन बोटांनी बाजूला सरकवली. चार पिढ्यांचं पीठ दळलेला तो दगड हवेत तरंगत होता, आणि त्याचा एक कण माझ्या मुठीत धडधडत होता.

एवढ्यात म्हाताऱ्या पोस्टमनचे गुडघे दुमडले. आत दीर अजून अर्धाच बाहेर निघाला होता. शिंप्याने एक पाऊल पुढे टाकलं, पोस्टमनच्या मुठीतला गोळा काढून स्वतःच्या दुसऱ्या मुठीत घेतला, आणि गुडघाभर रुतून उभा राहिला. "मेलो, मेलो!" असं ओरडत. पण काकूची हाक येईपर्यंत त्याची एकही मूठ उघडली नाही.

पाय वाचला. मेण गार झालं तसं मुठींतलं वजन तळीकडे परत गेलं, आणि चाळीसही जण होते तसेच राहिले.

आज पैजेचा तेविसावा दिवस. शिंपी सकाळ-संध्याकाळ आमच्या दारावरून "आई गं, कंबर!" करत जातो, आणि मी दातांखाली जीभ धरून उभा असतो.