डावीकून घुस वो

गुपित लपवायचं असेल तर माणूस हळू बोलतो, नाहीतर समोरच्याला न कळणाऱ्या भाषेत बोलतो. मी नागपूरच्या पोरींपासून लपवायचं गुपित नागपूरच्याच भाषेत सांगितलं. तेही नागपुरात, भर कोर्टावर, बेंबीच्या देठापासून ओरडून. पुरती वीस मिनिटं. एकदाही शंका आली नाही. अठरा वर्षांची घोडी होते, मॅट्रिक झालेली होते, आणि घरी मला हुशार समजायचे.

हे सगळं उकरून निघालं ते नातीमुळे. ती बास्केटबॉल खेळते, पॉइंट गार्ड. म्हणजे बॉल घेऊन येणारी, कोणी कुठे पळायचं ते ठरवणारी, आणि शेवटी बॉल दुसरीला देऊन टाकणारी. आमच्या घराण्यात बायकांची उंची देताना देवाने हात आखडता घेतला आहे, त्यामुळे तिच्या वाट्याला तीच जागा आली जी माझ्या वाट्याला आली होती. परवा वैशाली नगरच्या आमच्या गॅलरीत बसून ती मोबाईलवर इटलीच्या एका पॉइंट गार्डची फिल्म पाहत होती. लहानपणापासूनची सगळी कहाणी. छोटंसं गाव, चर्चच्या बाजूचं सिमेंटचं कोर्ट, मोठे भाऊ बॉल देत नाहीत, ही रडत त्यांच्या मागे पळते. मग क्लब, मग परदेश. संघात सगळ्यांत बुटकी आणि तोंड सगळ्यांत मोठं.

"आजी, पाह्य ना, ये तो बिलकुल मेरे जैसी है. इतना क्या चिल्ला रही है?"

"सांगून राहिली, डावीकून घुस म्हणून."

"तुले इटालियन येते?"

"मले सारं समजलं, भाषा सोडून. पण तिले कोणीतरी सांगा, बाई, ओरडाच्या आधी पाहून घे, समोर तुझ्या गावची तर कोनी उभी नाही."

नातीने फिल्म थांबवली. आता सांगावंच लागलं.

माझे बाबा भंडाऱ्याकडच्या खेड्यातून इकडे छत्तीसगडात येऊन पोलादाच्या प्लांटमध्ये कोक ओव्हनला, म्हणजे कोळशाच्या भट्टीवर, लागले. प्लांटच्या वसाहतीत, सेक्टरमध्ये, क्वार्टर मिळालं. एका बाजूला पंजाबी, समोर मल्याळी, आणि मागच्या भिंतीपलीकडे तेलुगू. बाहेर सगळ्यांची हिंदी. घराचा उंबरा ओलांडला की बाबांचा कायदा, मराठीच. आम्हाला वाटायचं, मराठी ही आमच्या घरात बोलायची भाषा आहे, जशी घरात घालायची चप्पल असते. बाहेर ती कोणी वापरत असेल हे डोक्यात यायचं नाही.

मागच्या भिंतीपलीकडची तेलुगू पोरगी माझी मैत्रीण. माझ्याहून वीतभर उंच, आणि खरं मोजलं तर दोन वीत असेल, कारण मी नेहमी टाचा उचलून मोजायचे. तिचं मराठी माझ्या आईच्या ओरडण्यातून तयार झालेलं. त्यामुळे तिला आधी शिव्या आल्या, मग भाज्यांची नावं, आणि क्रियापदं सगळ्यांत शेवटी. आमच्याकडचा झुणका ती आमच्यापेक्षा जास्त खायची. आई म्हणायची, "खा वो माय, तुले तेवढ्या उंच, वर्तपावेतो पोचवा लागते."

शाळेच्या कोर्टावर मल्याळी सर होते. त्यांनी तिला बास्केटखाली उभं केलं आणि माझ्याकडे पाहून म्हणाले, "तू बॉल लेके आ. बस." मला वाटलं, आपल्याला नळावरून पाणी भरून आणायचं काम दिलं. दोन महिने मी रुसून खेळले. मग एक दिवस उमगलं की पाणी मी आणते, पण कोणाच्या घागरीत ओतायचं ते मीच ठरवते. त्या दिवसापासून माझ्या अंगात जे आलं ते उतरलं नाही. मोठ्या मोठ्या पोरी माझ्याकडे बॉलसाठी हात पसरायच्या आणि मी महाराणीसारखी इकडेतिकडे बघायचे. आता आठवलं की त्या महाराणीच्या कानाखाली दोन सणसणीत द्याव्यात असं वाटतं.

मराठीची युक्ती रायपूरच्या एका मॅचमध्ये सुचली, म्हणजे सुचली कसली, तोंडातून निसटली. घाईत मी तिला ओरडले, "डावीकून घुस वो!" समोरच्या पोरी एकमेकींची तोंडं बघत राहिल्या, ही डावीकडून घुसली आणि बॉल जाळीत. सर खूश. म्हणाले, "ये मराठी चालू रखो." मग आमच्या पंजाबी, मल्याळी, बंगाली पोरींनाही मी दहा-बारा शब्द शिकवले. डावीकून, मांगून फिर, थांब, वर्तून टाकतो. बिलासपूर, जबलपूर, कुठेही गेलो तरी आम्ही उघड उघड ओरडून गुपितं सांगायचो आणि कोणाला काही कळायचं नाही. मला वाटू लागलं की मराठी माझ्या बाबांनी माझ्यासाठीच शोधून काढली आहे.

त्याच वर्षी मैत्रिणीचे वडील रिटायर व्हायचे होते. प्लांटमध्ये रिटायर झालं की क्वार्टर सोडावं लागतं. ते सगळे श्रीकाकुळमकडे परत जाणार, आणि तिकडे तिचं लग्न तिच्या मामाशी जवळजवळ ठरलेलं. त्यांच्यात तशी रीत आहे. मामा वाईट नव्हता, पण तिला तो मामाच वाटायचा. ती चार दिवस रडली. शेवटी वडिलांनी एक खिडकी उघडी ठेवली: राज्याच्या संघात नाव आलं तर लग्नाचं थांबू. रेल्वेत खेळाडू मुलींना घेतात, तशी नोकरी लागली तर रहा इथेच. नाव नाही आलं तर सामान बांधायचं.

तेव्हा छत्तीसगड वेगळं नव्हतं, राज्य म्हणजे मध्य प्रदेश. निवड करणारे साहेब नागपूरच्या एका टूर्नामेंटला आमची मॅच बघायला येणार होते. सरांनी निघताना मला बाजूला घेतलं. "तुम्हारा तो पक्का है. उसको दिखाना है. बॉल उसके हाथ में जाना चाहिए, समझी?"

समजले. काही काळजीच नव्हती, माझ्याजवळ मराठी होतं.

आता ऐका माझी अक्कल. आदल्या दिवशी दुपारी आम्ही नागपूर स्टेशनला उतरलो. रिक्षावाल्याशी मी मराठीत भांडले. पोहेवाल्याला मराठीत सांगितलं, "दादा, तर्री जास्त टाका." संत्रेवालीशी पाव तास मराठीत घासाघीस केली, ती म्हणाली, "भंडाऱ्याची हायस काय वो?" आणि मी ऐटीत हो म्हटलं. सगळं गाव माझ्या बाबांसारखं बोलत होतं आणि मला वाटलं, किती प्रेमळ लोक आहेत.

दुसऱ्या दिवशी सकाळी मॅच. साहेब खुर्चीवर, मांडीवर वही. मी बॉल घेऊन निघाले आणि ओरडले, "डावीकून घुस वो!" ती घुसली. तिच्या आधी तिथे तीन पोरी जाऊन उभ्या. बॉल गेला. "मांगून फिर!" तिथेही दोघी वाट बघतच होत्या. "वर्तून टाकतो!" आमच्याकडे बाया पण टाकतो, येतो, जातोच म्हणतात. मी वरून टाकला, त्यांच्या उंच पोरीने तो झाडावरचा पेरू तोडावा तसा अलगद काढून घेतला.

मला वाटलं, काय हुशार पोरी आहेत! मग वाटलं, यांनी आपल्यावर काहीतरी करणी केली. मग वाटलं, आपल्याच पोरींना ऐकू येत नसेल. म्हणून मी आणखी मोठ्याने, आणखी स्वच्छ, एकेक शब्द तोडून सांगू लागले.

त्यांचीही बॉल आणणारी पोरगी माझ्याएवढीच ठेंगणी होती, तेल लावून घट्ट वेण्या घातलेली. हाफटाइम जवळ आला तेव्हा बॉल बाहेर गेला आणि ती माझ्या शेजारी येऊन उभी राहिली. गंभीर चेहरा करून म्हणाली, "वो बाई, जरा हळू सांगत जाय ना. आमची ते पिवळ्या रिबिनवाली नवीन हाये, तिले भरभर समजून नाही राहिलं."

मी वळून पाहिलं. पिवळी रिबीन माझ्याकडे पाहून हसली आणि हात हलवला.

तोवर मैत्रिणीचे दोन बास्केट झाले होते. दोन. साहेबांनी वही मिटून मांडीखाली ठेवली होती.

हाफटाइमला सरांना सांगितलं तर त्यांनी कपाळाला हात लावला. मराठी त्यांनाही येत नव्हतं, ते तरी काय करणार. "अब चुप रहना," म्हणाले. मला! माझी आई म्हणायची, ही झोपेत पण भांडते. मैत्रीण रडली नाही. तिने कालचं संत्रं सोललं, एक फोड माझ्या तोंडात घातली आणि म्हणाली, "गालात ठेव. गिळू नको, चावू नको. तोंड उघडलं तर ते पडेल, तुले समजेल."

उरलेली मॅच मी गालात संत्र्याची फोड धरून खेळले. खुणा आमच्या ठरलेल्या नव्हत्या, कधी गरजच पडली नव्हती. पण सात वर्षं मी तिच्याबरोबर शाळेत चालत गेले होते. डावीकडे वळायच्या आधी तिचा उजवा खांदा जरासा खाली जातो, हे मला माहीत होतं. माहीत आहे हे माहीत नव्हतं. खांदा पडला की मी रिकाम्या जागेत बॉल टाकायचे. तिथे कोणी नसायचं, आणि बॉल पोचेपर्यंत ती असायची. नागपूरच्या पोरी आता माझ्या तोंडाकडे बघत राहिल्या, आणि तोंड बंद. ठेंगणीने एकदा कोपर मारलं तेव्हा फोड फुटली आणि रस नाकात गेला. तरी मी ओरडले नाही. माझ्या जन्मात मी एवढा वेळ गप्प राहिलेली ती एकच वेळ. बाळंतपणातही नाही.

मैत्रिणीने एकामागून एक बास्केट केले. साहेबांनी वही परत काढली. मॅच आम्ही हरलोच, पहिल्या हाफचं ओझं फार होतं. शेवटी ठेंगणी माझा हात धरून म्हणाली, "मुकी झाली तं लय भारी खेळते वो तू."

दुपारी व्हरांड्यात साहेबांनी नावं वाचली. मैत्रिणीचं नाव आलं. माझं आलं नाही. जे पक्कं होतं ते. सर खोकले आणि दुसरीकडे बघू लागले. साहेबांचंही बरोबरच होतं. जी पोरगी आपल्या संघाचे बेत समोरच्यांना घसा फोडून सांगते, तिच्या हातात राज्याचा बॉल कोण देईल?

नात म्हणाली, "फिर? मामाशी लग्न झालं?"

नाही झालं. वर्षभरात तिला रेल्वेत नोकरी लागली, ती पुष्कळ वर्षं खेळली. आता इथेच जवळ बोरसीला घर बांधून राहते, रोज फोन करते आणि अजून माझ्या आईच्या शब्दांत मला शिव्या देते. माझं राज्याच्या संघाशी गणित जुळलं नाही ते नाहीच. लग्न झालं, पोरं झाली, मग कित्येक वर्षं संध्याकाळी सेक्टरच्या कोर्टावर लहान पोरींना शिकवलं. पहिल्याच दिवशी सांगायचे, तोंड बंद, खांद्याकडे पहा. पोरींना वाटायचं, मॅडम फार शिस्तीच्या आहेत.

पण त्या दिवशी परतीच्या गाडीत मी खिडकीशी बसले होते आणि एक शब्द बोलत नव्हते. थोडी स्वतःच्या नावासाठी रुसले होते. जास्त लाज होती. तिचं सामान माझ्या जिभेने जवळजवळ बांधलंच होतं. तीही आनंद झाकून बसली होती, ते मला दिसत होतं आणि त्यानेच जास्त रडू येत होतं. भंडाऱ्याला तिने संत्रं पुढे केलं, मी मान हलवली. गोंदियाला चहा विचारला, मी मान हलवली. मराठी बोलणारी माणसं एकेक करून उतरली. डोंगरगडला छत्तीसगडी बाया टोपल्या घेऊन चढल्या आणि गाडी पुन्हा हलली. तेव्हा ती माझ्याकडे सरकली, पास घ्यायच्या आधी बघायची तशी डब्यात डावीउजवीकडे बघून घेतलं आणि माझ्या कानाशी म्हणाली,

"आता बोल ना वो. डोंगरगड गेलं. इथून पुढं कोनाले समजत नाही."