झोळीची कडी

जर्मनीतल्या विल्हेल्म्सहाफेनच्या गोदीत माझी बहीण वीबके युद्धनौकेचे नकाशे शाईनं गिरवायची. तोफा, चिलखत साहेबांकडे. खलाशांच्या झोपायच्या झोळ्या टांगायच्या कड्या हिच्या वाट्याला. पुढं तिचा नवरा ओनो त्याच नौकेवर गेला. सुट्टीत येऊन म्हणाला, "पार कोपऱ्यातली कडी मिळाली मला. वारा नाही, उजेड नाही. बरा सूड उगवलास!"

लढाईत नौका ओनोसकट बुडाली. मृतांच्या स्मरणाच्या रविवारी गावातल्या सगळ्या जणी पुष्पचक्रं घेऊन दफनभूमीकडे निघाल्या, ही घरातच.

"चल ना! की समुद्रात वाहणार आहेस फुलं?" मी तडकले.

"तो कुठं झोपलाय, मला ठाऊक आहे."

तिनं कागदावर नौकेतली खलाशांची झोपायची खोली जशीच्या तशी आखली, कोपऱ्यात ओनोची कडी काढली. मग तिला खेटून आणखी एक.

"ही माझी. मूळ नकाशात नव्हती. साहेबांना सांगू नकोस."